केस जिंकली, पण सातबारा तसाच
आमच्या बुलढाण्यात जमिनीची केस जिंकूनही फेरफार अडकतो. हायकोर्टाचा आदेश अधिकारी मुद्दाम पाळत नसेल, तर नागपूर खंडपीठात अवमान याचिका टाकता येते. १९७१ च्या कायद्यात शिक्षा काय? सहा महिने साधी कैद, २,००० रुपये दंड किंवा दोन्ही. दंड वाचून हसू येतं ना? पण साहेब घाबरतात ते स्वतः कोर्टात उभं राहायला. ऑगस्ट २०२४ मध्ये पुण्यातल्या पाषाणच्या जमिनीच्या मोबदल्याच्या प्रकरणात, शपथपत्रातल्या भाषेवरून सुप्रीम कोर्टानं थेट अपर मुख्य सचिवांना अवमानाची नोटीस काढली होती.

दिवाणी कोर्टाची डिक्री असेल, तर मात्र आधी दरखास्त. आणि अवमानाला मुदत एकच वर्ष! तलाठ्याकडे चकरा मारण्यातच ते सरतं. म्हणून आदेशाची सही-शिक्क्याची नक्कल लगेच ऑफिसात द्या, पोच घ्या.