हिरव्या कापडावरची दीर्घ खेळी

२ ऑगस्ट २०२२ रोजी बर्मिंगहॅमच्या स्पर्धेत भारताच्या चार महिलांनी लॉन बोल्समध्ये राष्ट्रकुल सुवर्णपदक पटकावले, तेव्हा या खेळाचे नाव अनेकांनी प्रथमच ऐकले. त्या चौघींपैकी लव्हली चौबे यांनी चाळिशी गाठली होती, याचे नवलही झाले. वास्तविक, घरंगळत्या चेंडूंच्या खेळांत वय हा अडसर नसतो. महाराष्ट्रात याची साक्ष साठ वर्षांपूर्वीच मिळाली होती, ती मात्र बिलियर्ड्सच्या टेबलावर.

बिलियर्ड्सही मूळचा हिरवळीवरचाच खेळ. काठीने चेंडू ढकलण्याचा हा प्रकार युरोपात पंधराव्या शतकाच्या सुमारास घरात आला आणि टेबलावर चढला. टेबलावरचे हिरवे कापड ही त्या गवताची खूण होय.

कळवा-ठाण्याच्या चाळींत कॅरम खेळत वाढलेल्यांना त्याचे नियम काहीसे उलटे वाटतील. टेबलावर तीनच चेंडू असतात. दोन खेळाडूंचा एकेक आणि एक सामाईक तांबडा. आपल्या चेंडूने एकाच फटक्यात उरलेल्या दोघांना स्पर्श केला की दोन गुण (या फटक्याला अमेरिकेत ‘कॅरम’च म्हणतात), तांबडा खिशात घातला की तीन. कॅरममध्ये स्ट्रायकर आत गेला की दंड भरावा लागतो. येथे आपला चेंडू दुसऱ्याला लागून खिशात गेला, तर गुण मिळतात! गुण मिळत राहतील तोवर डाव आपलाच. प्रतिस्पर्धी रंगात आला, तर खुर्चीत बसून पाहत राहण्यावाचून गत्यंतर नसते. तासन् तास चालणाऱ्या अशा सामन्यांत बाहूंच्या बळापेक्षा गवयासारखी बैठक लागते.

ती बैठक विल्सन जोन्स यांच्यापाशी होती. २ मे १९२२ रोजी पुण्यात जन्मलेल्या जोन्स यांनी १९५० मध्ये बिलियर्ड्सचे पहिले राष्ट्रीय विजेतेपद मिळवले. १९६६ पर्यंत त्यांची संख्या बारावर गेली. स्नूकरची पाच निराळीच. जागतिक हौशी विजेतेपदाने मात्र त्यांना ताटकळत ठेवले. १९५८ मध्ये कोलकात्यात ते हाती आले आणि वैयक्तिक क्रीडाप्रकारात जगज्जेता ठरणारे ते पहिले भारतीय झाले. तेव्हा त्यांचे वय ३६ होते.

पुढच्या दोन स्पर्धा इतरांनी जिंकल्या. त्यांपैकी १९६२ ची पर्थ येथील स्पर्धा जिंकणारे ऑस्ट्रेलियाचे बॉब मार्शल पन्नाशी ओलांडलेले होते. त्यांचे पहिले विजेतेपद १९३६ मधले! १९६४ मध्ये न्यूझीलंडमधील पुकेकोहे येथे जोन्स यांनी ते पुन्हा खेचून आणले, वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी. दोन विजयांमधली ही सहा वर्षे त्यांच्या कारकिर्दीचा खरा कस पाहणारी होती. एकदा जिंकणारे पुष्कळ असतात. गमावलेले पुन्हा मिळवण्यासाठी, त्याच टेबलाशी रोज नव्याने उभे राहण्यासाठी, वेगळीच चिकाटी लागते.

मानसन्मान यथावकाश आले. १९६३ मध्ये अर्जुन पुरस्कार, १९६५ मध्ये पद्मश्री. खेळणे थांबवल्यावर ते शिकवू लागले आणि १९९६ मध्ये द्रोणाचार्य पुरस्काराचे मानकरी ठरले. ऑक्टोबर २००३ मध्ये मुंबईत त्यांचे निधन झाले.

त्यांच्यानंतर हे जागतिक विजेतेपद भारतात आणले ते मुंबईच्या मायकेल फरेरा यांनी, १९७७ मध्ये. मधे तेरा वर्षे लोटली होती.