पावलांनी राखलेला ताल

केंब्रिजमधील आमच्या काही कुटुंबांतील मुली दर शनिवारी टॅप नृत्य शिकतात. बुटांच्या टाचेला व चवड्याला धातूच्या पट्ट्या आणि खाली लाकडी जमीन, हेच त्यांचे वाद्य. मुलींची नावे घातली तेव्हा भारतातून आलेल्या एका आजींनी विचारले, “नाचण्या-वाजवण्यातून सुटायला आपल्या किती पिढ्या खपल्या, ठाऊक आहे ना?” प्रश्न झटकून टाकण्याजोगा नव्हता. म्हणून आम्ही या नृत्याचा इतिहास वाचला.

१७३९ साली साउथ कॅरोलायनात स्टोनो नदीच्या परिसरात गुलामांनी ढोल वाजवीत बंड केले. १७४० च्या कायद्याने त्यांना ढोल व शिंगे बाळगण्यास मनाई झाली. तेव्हा ताल टाळ्यांत आणि पावलांत जपला गेला. पुढे न्यूयॉर्कच्या फाइव्ह पॉइंट्स या गरीब वस्तीत त्याची आयरिश स्थलांतरितांच्या जिग नृत्याशी गाठ पडली. लँकेशायरच्या गिरणी कामगारांचे लाकडी तळव्यांच्या बुटांतील नृत्यही त्यात मिसळले. या संगमातून टॅप घडले.

‘मास्टर जुबा’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या विल्यम हेन्री लेन या कृष्णवर्णीय नर्तकाने १८४८ मध्ये लंडन गाजवले. मात्र त्याच्यासोबत रंगमंचावर होते ते तोंडाला काळे फासून कृष्णवर्णीयांची नक्कल करणारे गोरे कलावंत. कलेला टाळ्या आणि कलावंताच्या समाजाची टवाळी, हा व्यवहार तमाशाच्या महाराष्ट्राला अपरिचित नाही.

१९४६ मध्ये डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना लिहिलेल्या पत्रात बाबासाहेबांनी अस्पृश्य व कृष्णवर्णीय यांच्या स्थितीतील साम्य नोंदवले आहे. येथे एक भेदही ध्यानी घ्यावा. त्यांच्या हातून ढोल हिसकावला गेला. आपल्या गावगाड्यात हलगी दलित जातींच्या गळ्यात अडकवली गेली. म्हणून त्यांनी ताल राखणे हा विद्रोह ठरला आणि आपल्या माणसांनी गावकीची वाद्ये खाली ठेवणे हाही विद्रोहच ठरला. वाजवावे की थांबावे, हे ठरवण्याचा अधिकार दोघांनाही हवा होता.

हे सारे आम्ही आजींना सांगितले. वर्गाच्या कार्यक्रमाला त्या पहिल्या रांगेत बसल्या. परतताना एवढेच म्हणाल्या, “नकोसे वाटेल त्या दिवशी तिला सोडू द्या. तोवर नाचू द्या.”