लोणारच्या खाऱ्या पाण्याभोवती अर्धा दिवस

खारे तळे पाहायला राजस्थानात सांभरपर्यंतच जायला हवे असे नाही. बुलढाणा जिल्ह्यात लोणारला भल्या सकाळी पोचावे, गावातलाच गाइड सोबत घ्यावा. अर्धा दिवस पुरतो.

सुमारे १८०० मीटर व्यासाचे हे विवर उल्का आदळून काळ्या बसाल्टात पडले. त्याचे वय पूर्वी ५० हजार वर्षे धरीत. २०१० सालच्या अभ्यासाने ते एकदम ५ लाख ७० हजारांवर नेले.

काठावर गोड्या पाण्याची धार लागते. भाविक तिथे स्नान करतात. तेच पाणी खाली तळ्यात पोचले की साबणासारखे बुळबुळीत होते. तळ्याला बाहेर वाट नाही. ऊन पाणी उडवते, क्षार मागे राहतात. ओंजळभर पाण्यात चिमूटभर हळद टाका, लाल होते! मुलांना हा प्रयोग कोणत्याही पुस्तकापेक्षा जास्त लक्षात राहतो.

जून २०२० मध्ये पाणी आटले, खारटपणा वाढला आणि तळे चक्क गुलाबी दिसू लागले. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने हा रंग क्षारात वाढणाऱ्या सूक्ष्मजीवांचा असल्याचे सांगितले. त्याच नोव्हेंबरात लोणार रामसर यादीत आले. खारेपणा हाच इथला जीव. गावाचे सांडपाणी किंवा शेतातली खते खाली उतरली, तर तोच बिघडायचा. म्हणून साबण-शांपू खाली नेऊ नये.

प्यायचे पाणी मात्र भरपूर न्यावे, आणि ऊन चढण्याआधी परतीला लागावे. उतरताना सोपी वाटलेली वाट चढताना घाम काढते.