सुई टोचलेली त्वचा आणि चेहऱ्याचे तेल

शिक्षण, नोकरी, व्यसनमुक्ती असे विषय समोर असताना चेहऱ्याच्या निगेवर लेख कशाला, असा प्रश्न काही वाचकांच्या मनात येणे स्वाभाविक आहे. परंतु गेल्या काही वर्षांत रहिमतपूरसारख्या लहान गावातही एक नवी वस्तू घरपोच पार्सलने येऊ लागली आहे. तिला ‘डर्मा रोलर’ म्हणतात. हातात धरायची मूठ आणि तिच्या टोकाला बारीक सुयांनी भरलेले फिरते रूळ, असे तिचे स्वरूप असते. मुली ती मुरमांच्या खड्ड्यांसाठी घेतात, मुले दाढी दाट व्हावी किंवा डोक्यावरचे केस टिकावेत म्हणून घेतात. बरोबर तेलाची एखादी बाटलीही असतेच. कधी ती विकतची असते, तर कधी घरी कढवलेले तेल असते. सुई आणि तेल या दोन वस्तू एकाच वेळी चेहऱ्यावर आल्या तर काय घडते, हे मात्र फार थोड्यांना ठाऊक असते. त्याची माहिती विद्यार्थी मित्रांना आणि त्यांच्या पालकांना व्हावी, एवढाच या लेखाचा हेतू आहे. प्रस्तुत लेखक डॉक्टर नाही, बँकेतील एक कारकून आहे. म्हणून येथे उपचार सांगितलेले नाहीत, सावधगिरी सांगितली आहे.

त्वचेची रचना

बँकेत जसा बाहेरचा दरवाजा, मग काउंटरची जाळी आणि सर्वांत आत तिजोरीची खोली असते, तशीच त्वचेचीही व्यवस्था आहे. सर्वांत वर मृत पेशींचा कोरडा थर असतो. तो मिलिमीटरच्या शंभराव्या हिश्शाएवढा किंवा त्याहून थोडासा जाड, इतका पातळ असतो; पण धूळ, जंतू आणि रसायने अडवण्याचे मोठे काम तोच करतो. त्याच्यासह त्वचेचा वरचा भाग चेहऱ्यावर साधारण ०.१ मिलिमीटर भरतो. त्याच्या खाली खरी जिवंत त्वचा सुरू होते. तेथे रक्तवाहिन्या आहेत, मज्जातंतू आहेत आणि शरीराचे पहारेकरी म्हणावेत अशा पांढऱ्या पेशीही आहेत.

आपण रोज चेहऱ्याला जे तेल लावतो ते या बाहेरच्या दरवाजावरच राहते. कोरडेपणा कमी होतो, त्वचा मऊ वाटते, एवढेच त्याचे काम. तेल अखंड त्वचेसाठी आहे. सुईचे काम याच्या नेमके उलट आहे. ती दरवाजाला मुद्दाम शेकडो छिद्रे पाडते. ही छोटी इजा भरून काढताना शरीर नवे तंतू तयार करते आणि त्यातून वण थोडे भरून येतात, असे या उपचाराचे तत्त्व आहे. तत्त्व खरे आहे. मात्र छिद्रे उघडी असेपर्यंत त्वचेवर जे असेल, ते आत जाऊ शकते.

जुने दाखले

ही गोष्ट आपल्या वडीलधाऱ्यांच्या अंगावरच लिहिलेली आहे. आजीच्या कपाळावरचे किंवा हातावरचे गोंदण पाहा. गोंदणारीण सुईने काजळीचा रंग त्वचेच्या आतल्या थरात पोहोचवी, म्हणून तो जन्मभर गेला नाही. तोच रंग नुसता वरून लावला असता तर दोन दिवसांत धुऊन गेला असता. दुसरा दाखला देवी काढण्याचा. त्या काळी आपल्या देशात दातेरी चकती असलेले एक हत्यार वापरत. लशीचा थेंब त्वचेवर ठेवून ती चकती त्यावर फिरवीत. त्याचे गोल वण आजही अनेक वृद्धांच्या दंडावर दिसतात. भारतातील देवीची साखळी १९७५ साली तुटली. वण मात्र राहिले. सुईने आत गेलेली वस्तू कायमची खूण ठेवू शकते, हे या दोन्ही दाखल्यांवरून कळते.

मुंबईतील प्रयोग काय सांगतो

या विषयावर आपल्याच राज्यात झालेले एक महत्त्वाचे काम आहे. मुंबईच्या शीव येथील लोकमान्य टिळक रुग्णालयात डॉ. रचिता धुरत आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी टक्कल पडू लागलेल्या १०० पुरुषांवर एक अभ्यास केला. तो २०१३ साली प्रसिद्ध झाला. एका गटाला मिनॉक्सिडिल नावाचे औषध दिले. दुसऱ्या गटाला तेच औषध आणि शिवाय आठवड्यातून एकदा १.५ मिलिमीटरच्या सुयांचा उपचार दिला. १२ आठवड्यांनंतर दुसऱ्या गटात केसांची वाढ पुष्कळ अधिक आढळली. या अभ्यासाचा दाखला जाहिराती आणि चित्रफिती यांतून वारंवार दिला जातो.

परंतु त्यातील एक बारीक सूचना जाहिरातीत सहसा येत नाही. सुया फिरवल्यानंतर २४ तास औषध लावायचे नाही, असे त्या रुग्णांना सांगितले होते. डॉक्टरांच्या देखरेखीखाली, रुग्णालयात, ज्या औषधाचा गुण तपासला जात होता तेच औषध एक दिवस दूर ठेवले गेले. आपल्याकडील तरुण मात्र घरी सुया फिरवून त्याच मिनिटाला तेल चोळतात, आणि थोडी आग झाली की ‘औषध मुरते आहे’ असे समजतात. हा समज धोक्याचा आहे. आग होणे ही गुणाची खूण नव्हे, शरीराची तक्रार आहे.

तेलाने नेमका अपाय कसा होतो

पहिली गोष्ट छिद्रे बुजण्याची. त्वचा उघडी ठेवली तर बारीक सुईची छिद्रे काही तासांतच मिटू लागतात. तीच त्वचा हवाबंद झाकली तर ती मिटायला पुष्कळ अधिक वेळ लागतो, कधी ४० तासांपर्यंतही, असे माणसांवरील प्रयोगात २०११ साली दिसून आले. तेलाचा जाड थर हे हवाबंद झाकण नव्हे, तरीही काही अंशी झाकणच आहे. म्हणून दरवाजा लवकर मिटावा असे वाटत असेल तर त्यावर तेल थापू नये.

दुसरी गोष्ट तेलातील घटकांची. बाजारातील बहुतेक चेहऱ्याच्या तेलांत सुगंध असतो. गुलाब, चंदन, लिंबू, लव्हेंडर यांचे अर्क अखंड त्वचेवर अनेकांना सोसतात. पण तेच जिवंत थरात गेले की पहारेकरी पेशी त्यांना शत्रू मानू शकतात. एकदा अशी ओळख पटली की पुढे तो वास असलेला साबण किंवा क्रीमसुद्धा सोसत नाही. नैसर्गिक म्हणजे निर्धोक असे मानणाऱ्यांनी बिब्ब्याची आठवण ठेवावी. बिब्बाही झाडालाच लागतो, आणि तो उतला म्हणजे काय होते हे आपल्या घरांत सांगावे लागत नाही.

तिसरी गोष्ट गाठींची. १८९९ साली व्हिएन्नात गेर्सुनी या शल्यवैद्याने शरीराचा भाग भरून काढण्यासाठी व्हॅसलीनसारखा पदार्थ सुईने आत घालण्याची पद्धत सुरू केली. पुढे अनेक रुग्णांत त्याच्या कठीण गाठी झाल्या, कारण तेलकट पदार्थ शरीराला सहज पचवता येत नाही. रोलरमधून आत जाणारे तेल त्या मानाने अगदी अल्प असते, हे मान्य. तरीही चेहऱ्यावर लालसर गाठी उठण्यासाठी अल्प प्रमाणही पुरते. २०१४ साली अमेरिकेतील त्वचारोगतज्ज्ञांनी सुयांच्या उपचारानंतर चेहऱ्यावर अशा गाठी आलेल्या तीन स्त्रियांची नोंद प्रसिद्ध केली. त्यात उपचाराच्या वेळी लावलेल्या ‘क’ जीवनसत्त्वाच्या सिरमवर संशय होता. वरून लावायची वस्तू आत गेली, एवढेच कारण.

चौथी गोष्ट मुरमांची. खोबरेल तेलासारखी जड तेले काहींच्या चेहऱ्यावरची रंध्रे बुजवतात. मुरूम असलेल्या चेहऱ्यावर सुया फिरवल्या तर एका पुटकुळीतील जंतू सगळ्या गालावर पसरतात; त्यावर तेल म्हणजे आगीत तेलच.

यापलीकडे आपल्या गव्हाळ व सावळ्या वर्णाचा एक विशेष आहे. इजा किंवा दाह झाला की आपल्या त्वचेत रंगद्रव्य जास्त तयार होते आणि काळे डाग महिनोन्‌महिने राहतात. मुरमाचा खड्डा घालवायला गेलेली मुलगी काळे डाग घेऊन परत येते, ते यामुळेच. लग्न किंवा मुलाखत आठ दिवसांवर असताना तर हा प्रयोग कधीही करू नये.

उसनी सुई नको

वसतिगृहात किंवा घरात बहिणीबहिणी एकच रोलर वापरतात. यासारखी धोकादायक काटकसर दुसरी नाही. सुईला लागलेले रक्त डोळ्यांना दिसत नाही, पण कावीळ ‘ब’ चा विषाणू शरीराबाहेर किमान ७ दिवस जिवंत राहू शकतो. अमेरिकेतील न्यू मेक्सिको राज्यात एका विनापरवाना सौंदर्यगृहात २०१८ च्या सुमारास सुया टोचून घेतलेल्या स्त्रियांना एचआयव्हीची लागण झाल्याचे उघडकीस आले आणि २०२४ साली त्याचा शासकीय अहवाल प्रसिद्ध झाला. स्पिरिटमध्ये बुडवल्याने रोलर स्वच्छ होतो. रुग्णालयातल्यासारखा निर्जंतुक होत नाही. म्हणून दातांचा ब्रश जसा ज्याचा त्याचा, तसाच रोलरही ज्याचा त्याचा.

विनालेबलाच्या बाटल्यांविषयीही तितकेच सावध असावे. अकोल्यातील एकाच कुटुंबातील तिघींच्या मूत्रपिंडांना गोरेपणाच्या क्रीममुळे इजा झाल्याची बातमी २०२३ च्या सुमारास वाचकांनी वाचली असेल. त्या क्रीममध्ये पारा आढळला होता. तेथे तर सुईचाही संबंध नव्हता. अखंड त्वचेतूनच विष आत गेले. मग छिद्रे पाडलेल्या त्वचेचे काय सांगावे?

सुरक्षिततेचे नियम

ज्यांना हा प्रकार करायचाच आहे त्यांनी आधी त्वचारोगतज्ज्ञांचा सल्ला घ्यावा. सातारा, कराड येथे ती सोय आहे. एका तपासणीची फी ही चुकीच्या उपचाराच्या खर्चापुढे काहीच नसते, हा हिशेब सर्वांनाच कळण्यासारखा आहे. त्याबरोबर पुढील गोष्टी पाळाव्यात.

१) घरी ०.२ ते ०.३ मिलिमीटरहून लांब सुई वापरू नये. अशा आखूड सुईने खोल खड्डे भरत नाहीत, हेही जाणून असावे. खड्ड्यांसाठी लागणारी लांब सुई डॉक्टरांच्याच हाती शोभते. रक्त दिसले तर सुई जास्त खोल गेली असे समजून थांबावे.

२) मुरूम पिकलेले असताना, चामखीळ, इसब, सोरायसिस किंवा कोड असताना, तापानंतर ओठांवर पुटकुळ्या उठण्याची सवय असताना, वण फुगून वाढत असताना, तसेच मुरमांसाठी आयसोट्रेटिनॉइनच्या गोळ्या किंवा रक्त पातळ करणारी औषधे चालू असताना रोलर हाती घेऊ नये. मधुमेह असणाऱ्यांनी डॉक्टरांना विचारल्याशिवाय काहीच करू नये.

३) नवे तेल प्रथम अखंड त्वचेवर तपासावे. कोपराच्या आतल्या बाजूस रोज दोन वेळा, निदान आठवडाभर लावून पाहावे. खाज किंवा पुरळ आले तर ते तेल चेहऱ्यासाठी बाद.

४) सुया फिरवण्यापूर्वी हात आणि चेहरा साबणाने धुऊन तेलाचा अंश काढून टाकावा. तेल लावून त्यावर रोलर फिरवणे ही सर्वांत मोठी चूक होय, कारण तेव्हा सुईच तेल आत नेते.

५) नंतर पहिले २४ तास तेल, सिरम, हळद, लिंबू, अत्तर, पावडर यांपैकी काहीही लावू नये. उकळून गार केलेल्या पाण्याने चेहरा हलक्या हाताने धुवावा. कोरडेपणा वाटल्यास बिनवासाचे साधे क्रीम दुसऱ्या दिवसापासून लावावे.

६) लाली आणि आग पूर्ण थांबल्यावर, तीही दोन-तीन दिवसांनंतर, पूर्वी तपासलेले बिनवासाचे तेल दोन थेंब लावावे. डॉक्टरांनी लांब सुईचा उपचार केला असेल तर तेल केव्हा सुरू करायचे हे त्यांनाच विचारावे.

७) तेल खवट झाले असेल, बाटलीत पाणी गेले असेल किंवा बोटे बुडवून वापरले असेल, तर ते टाकून द्यावे. वाकलेल्या सुयांचा रोलरही टाकावा, कारण तो टोचत नाही, ओरबाडतो. टाकताना तो जाड डब्यात बंद करावा. कचरा उचलणारा आपलाच बांधव असतो.

८) काही दिवस उन्हात जाताना टोपी, ओढणी किंवा छत्री वापरावी.

दोन दिवसांनंतरही लाली वाढत असेल, पू, ताप, सूज दिसली किंवा काही आठवड्यांनी गाठी उठल्या, तर दुकानातून स्टिरॉइडची ट्यूब आणून लावू नये. स्टिरॉइड मलमे डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकू नयेत, असा नियम २०१८ साली झाला आहे तो उगाच नव्हे. तेलाची बाटली आणि रोलर बरोबर घेऊन डॉक्टरांकडे जावे आणि काहीही न लपवता सांगावे.

विद्यार्थी मित्रांनो, नीटनेटके दिसावे असे वाटण्यात गैर काही नाही. त्यासाठी पालकांनीही मुलांना टाकून बोलू नये. बोलले की मुले लपून प्रयोग करतात, आणि लपून केलेल्या प्रयोगात अपाय उशिरा कळतो. सुई वाईट नाही आणि तेलही वाईट नाही. पण दोहोंची वेळ एक नाही. दोहोंच्या मध्ये त्वचेला मिटायला दोन-तीन दिवस द्यावेत, एवढे जरी या लेखातून लक्षात राहिले तरी पुरे आहे.