देव्हाऱ्याबाहेरची मराठी पुस्तके

आमच्या मोहगावात, किंवा सौंसर-पांढुर्णा पट्ट्यातल्या कुठल्याही गावात, घरातला छापील मजकूर दोन ठिकाणी असतो. देव्हाऱ्याजवळच्या फळीवर हरिपाठ, ज्ञानेश्वरी, गजानन विजय, ग्रामगीता. हे सगळे मराठीत. लोखंडी कपाटात किंवा ट्रंकेत रजिस्ट्री, ऋणपुस्तिका, बँकेचे पासबुक, एखाद्या जुन्या दाव्याचा निकाल. हे सगळे हिंदीत. देवाशी मराठीत बोलावे आणि पटवाऱ्याशी हिंदीत, अशी ही वाटणी आहे. ती कुणी मुद्दाम केलेली नाही आणि तिच्यात हिंदीचा काही दोषही नाही. पण हिंदी माध्यमात शिकलेल्या आमच्या मुलांचा त्यातून असा समज झाला आहे की, मराठीत अभंग आणि पोथ्या असतात; पैसा, न्याय, इतिहास यांविषयी वाचायचे तर मराठीत काही नसते. गेली काही वर्षे मी अशी पुस्तके शोधून वाचतो आहे. जे सापडले त्यातले थोडे येथे मांडतो.

आधी ही वाटणी कशी झाली ते पाहू. नागपूर राजधानी असलेल्या जुन्या मध्य प्रदेशात हिंदी आणि मराठी या दोन्ही राजभाषा होत्या. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली, विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि छिंदवाडा जिल्हा नव्या मध्य प्रदेशात राहिला. सौंसर आणि पांढुर्णा या तहसिली त्याच जिल्ह्यातल्या, म्हणून त्याही इकडेच राहिल्या. २०२३ मध्ये पांढुर्णा हा स्वतंत्र जिल्हा झाला. या सगळ्यात घरची बोली बदलली नाही; बदलली ती कागदाची भाषा. म्हणजे जी मराठी कचेरीत चालत होती ती दोनेक पिढ्यांत देव्हाऱ्यापुरती उरली.

शोध देव्हाऱ्यापासूनच सुरू करणे सोपे, कारण तिथली पुस्तकेही आपण समजतो तेवढी फक्त देवाची नाहीत. राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांची ग्रामगीता आमच्याकडे बहुतेक घरांत आहे. १९५५ सालचा हा ग्रंथ, एकूण ४१ अध्याय. सामुदायिक प्रार्थनेत त्यातल्या ठरावीक ओव्या म्हटल्या जातात. अनुक्रमणिका उघडून पाहिली तर मात्र तिथे ग्रामआरोग्य, गोवंशसुधार, गरिबी-श्रीमंती, श्रमसंपत्ती, ग्रामउद्योग असे अध्याय दिसतात. गावचा पैसा गावात कसा फिरावा हा प्रश्न त्या ग्रंथाच्या ऐन मध्यावर आहे. पोथी म्हणून हात जोडले की हे अध्याय न वाचताच राहतात, असे मला वाटते.

तुकोबांचेही तसेच. गाथेतला वैष्णव आपल्याला माहीत आहे. पण तो घरचा वाणी होता, महाजनकी असलेल्या घराण्यातला. दुष्काळात धंदा बुडाला, घरातली माणसे गेली आणि पुढे कर्जाच्या खतांतली आपल्या वाट्याची कागदपत्रे त्याने इंद्रायणीत बुडवली, अशी परंपरागत कथा आहे. कथा म्हणूनही ती विचार करायला लावते. ऋणको आणि सावकार यांचे नाते ज्याने आतून पाहिले त्याची भाषा गाथेत जागोजागी भेटते : मुद्दल, व्याज, हिशेब, दिवाळे.

मला सर्वांत जास्त देणारे पुस्तक ठरले ते लीळाचरित्र. ते घडले आपल्या शेजारी. पांढुर्ण्याहून वरूड, मोर्शीकडे गेले की रिद्धपूर लागते. महानुभाव पंथाचे ते मोठे स्थान, आणि आता मराठी भाषा विद्यापीठही तिथेच आहे. चक्रधरस्वामी गेल्यावर म्हाइंभटाने त्यांच्या आठवणी भक्तांकडे जाऊन जाऊन, विचारून विचारून गोळा केल्या. काळ तेराव्या शतकाच्या अखेरचा. पुढे पंथाने आपले ग्रंथ सांकेतिक लिप्यांत लिहिले, त्यामुळे बाहेरच्या वाचकाला ते कित्येक शतके बंद राहिले. विसाव्या शतकात ह. ना. नेने यांनी नागपुरातून ते छापायला घेतले आणि १९७८ मध्ये वि. भि. कोलते यांची प्रत आली.

या ग्रंथात पैशाची गोष्ट अगदी आरंभीच येते. चक्रधर होण्यापूर्वीचा हरपाळदेव हा गुजरातेतल्या प्रधानाचा मुलगा. त्याला जुगाराचे व्यसन होते. एकदा तो मोठी रक्कम हरला, देणे भागवायला बायकोचे दागिने मागितले, तिने दिले नाहीत. त्या नकाराने तो संसाराला उबगला आणि रामटेकच्या यात्रेचे निमित्त करून घराबाहेर पडला. वाटेत रिद्धपूरला त्याला गोविंदप्रभू भेटले. वैराग्याचे मूळ इथे फिटले नाही अशा देण्यात आहे. पुढे पानोपानी दाम, आसू ही नाणी, बाजार, प्रवास, जेवण, जातीपातीचे व्यवहार, राजदरबारचे कारस्थान. यादवकाळातला सामान्य माणूस काय खात होता आणि कशाचे किती देत होता हे जाणायला मराठीत दुसरे एवढे जिवंत साधन नाही. हे पुस्तक ग्रंथालयात ‘धर्म’ या फळीवर ठेवतात. ठेवायला हरकत नाही, पण इतिहास आणि अर्थशास्त्र शोधणाऱ्याला ते तिथे दिसत नाही. भाषा जुनी आहे, पहिली वीस-पंचवीस पाने जड जातात. मग कान सरावतो. झाडीपट्टी आणि वऱ्हाडी ऐकलेल्या माणसाला पुण्याच्या वाचकापेक्षा ती लवकर कळते, असे मी धिटाईने म्हणेन.

आता सरळ पैशाकडे. लोकहितवादी गोपाळ हरी देशमुखांचे ‘लक्ष्मीज्ञान’ १८४९ चे. अर्थशास्त्रावरचे मराठीतले अगदी सुरुवातीचे पुस्तक, इंग्रजी आधारावर लिहिलेले. लेखक सरकारी न्यायखात्यातला माणूस होता, हे लक्षात ठेवण्यासारखे आहे. आज ते शिकण्यासाठी वाचावे असे नाही. मराठीत या विषयाला किती लवकर तोंड फुटले हे पाहण्यासाठी चाळावे. वाचायचे तर जोतीराव फुल्यांचे ‘शेतकऱ्याचा असूड’ वाचावे. १८८३ चे लेखन. शेतसारा, सावकार, गहाणखत, कोर्टातला कारकून आणि शेतकऱ्याचे निरक्षर असणे यांची साखळी फुले एकेक कडी उघडून दाखवतात. आमच्याकडे कापूस आणि संत्रा पिकवणाऱ्याला त्यातली कुठली कडी तुटली आणि कुठली नुसते नाव बदलून राहिली हे स्वतःच ओळखता येते.

त्रिंबक नारायण आत्रे यांचे ‘गावगाडा’ (१९१५) हे तिसरे. बलुतेदार, अलुतेदार, वतने, फिरस्ते लोक, गावाचा खर्च कोण उचलतो : सगळे बारकाईने. एक सावधगिरी मात्र हवी. ते पुस्तक देशावरच्या रयतवारी गावांचे आहे. आपला मुलूख मालगुजारीचा होता. इथे रयत आणि सरकार यांच्यामध्ये मालगुजार बसलेला असे आणि ती पद्धत १९५० च्या कायद्याने १९५१ मध्ये संपली. त्यामुळे ‘गावगाड्या’तला पाटील आपल्या आजोबांच्या आठवणीतल्या मालगुजारावर चिकटवू नये.

अशीच सावधगिरी कायद्याच्या पुस्तकांबाबत हवी, आणि इथे नुकसान खिशाचे होऊ शकते. नागपुरात जमिनीच्या कायद्यावरची सोपी मराठी पुस्तके भरपूर मिळतात. त्यांत तलाठी, सातबारा, फेरफार, भोगवटादार हे शब्द असतात, कारण ती महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६ वर लिहिलेली असतात. आपल्याकडे पटवारी, खसरा, बी-१, नामांतरण, भूमिस्वामी. आपला कायदा वेगळा : मध्य प्रदेश भू-राजस्व संहिता, १९५९. शब्दांच्या जोड्या लावून कल्पना समजून घ्यायला ती पुस्तके चांगली. पण मुदत, अपील, फी यासाठी त्यांवर विसंबू नये. उलट केंद्राचे कायदे नदीच्या दोन्ही तीरांना सारखेच. हिंदू उत्तराधिकार कायदा १९५६ आणि वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतका हक्क देणारी २००५ ची त्याची दुरुस्ती, माहितीचा अधिकार २००५, ग्राहक संरक्षण कायदा २०१९ : यांवरचे मराठी पुस्तक पुण्यात छापलेले असले तरी मोहगावात तितकेच लागू आहे. बहिणीच्या हिश्श्याचा प्रश्न आमच्याकडे चर्चा होण्याआधीच सहीने मिटवला जातो. सही करण्यापूर्वी तिने तो कायदा ज्या भाषेत ती विचार करते त्या भाषेत वाचलेला असावा, एवढी माझी अपेक्षा आहे.

न्यायाची पुस्तके म्हणजे केवळ कायद्याची पुस्तके नव्हेत. फुल्यांचे समग्र वाङ्मय महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाने १९६९ मध्ये काढले. संपादक धनंजय कीर आणि स. गं. मालशे. मालशे हे नाव मला पुन्हा दिसले ते ताराबाई शिंदे यांच्या ‘स्त्री-पुरुष तुलना’ या पुस्तकावर, आणि एका पुस्तकाने दुसऱ्याकडे नेले. ताराबाई वऱ्हाडातल्या, बुलढाण्याच्या. १८८१ मध्ये सुरतेकडे विजयालक्ष्मी नावाच्या विधवेला, लोकलाजेने अर्भकाला मारल्याबद्दल, फाशीची शिक्षा सुनावली गेली. पुढे ती कमी झाली. वर्तमानपत्रांतून बायकांच्या चारित्र्यावर झोड उठली. ताराबाईंनी १८८२ मध्ये उत्तर छापले : त्या बाईला या अवस्थेत आणणारा पुरुष आरोपीच्या पिंजऱ्यात का नाही? हे पुस्तक नंतर जवळजवळ विस्मृतीत गेले होते. १९७५ मध्ये मालशे यांनी ते पुन्हा छापले. आकाराने लहान, भाषा भांडणाऱ्या बाईची, थेट. एका बैठकीत वाचून होते.

डॉ. आंबेडकर आपल्या राज्यात, महूला, १८९१ मध्ये जन्मले. रुपयाच्या प्रश्नावरचा त्यांचा ग्रंथ इंग्रजीत आहे, म्हणून अनेकांना वाटते की त्यांचे मूळ लेखन मराठीत नाहीच. ‘मूकनायक’ (१९२०) आणि ‘बहिष्कृत भारत’ (१९२७) यांतले त्यांचे लेख मूळ मराठीतले आहेत आणि महाराष्ट्र शासनाने ते पुस्तकरूपाने काढले आहेत. महाडच्या तळ्याचा प्रश्न सत्याग्रहानंतर दिवाणी न्यायालयात गेला आणि उच्च न्यायालयात १९३७ मध्ये निकाली निघाला. पाण्याच्या एका ओंजळीला दहा वर्षे कशी लागतात, हे त्या काळचे लेख वाचताना कळते.

इतिहासाबद्दल थोडक्यात सांगतो, कारण त्याची पुस्तके लोकांना तुलनेने ठाऊक असतात. पण शिवचरित्रापलीकडे आपल्या मुलखाचे काय? या. मा. काळे यांचा ‘नागपूर प्रांताचा इतिहास’ (१९३४) पाहावा. देवगडचे गोंड राजे आणि नंतरचे भोसले यांच्याशिवाय आपल्या गावांचा इतिहास सांगताच येत नाही. न्यायमूर्ती रानडे यांचा मराठ्यांच्या सत्तेवरचा ग्रंथ मूळ इंग्रजी, पण ‘मराठ्यांच्या सत्तेचा उत्कर्ष’ या नावाने मराठीत आहे. लेखक न्यायाधीश आणि अर्थशास्त्राचा अभ्यासक, पुस्तक इतिहासाचे, त्यात एक प्रकरण संतांवर, एक चौथाई आणि सरदेशमुखीवर. ते कोणत्या फळीवर ठेवावे हे मला अजून ठरवता आलेले नाही.

मिळवायचे कुठे, हा प्रश्न मला नेहमी विचारला जातो. साहित्य आणि संस्कृती मंडळाची बरीच पुस्तके आंतरजालावर विनामूल्य आहेत. वीस खंडांचा मराठी विश्वकोशही तसाच. रायपूरला जन्मलेल्या श्रीधर व्यंकटेश केतकरांनी १९१६ मध्ये नागपुरात कंपनी काढून ज्ञानकोशाचे काम सुरू केले. त्याचे २३ खंडही आता मोबाइलवर वाचता येतात. मुलांना मी पूर्ण पुस्तक देत नाही. विश्वकोशातून ‘चलन’, ‘वारसा’, ‘सावकारी’ अशी एखादी नोंद काढून देतो आणि नोंदीखालची संदर्भग्रंथांची यादी वाचायला सांगतो. यादीतले एखादे नाव नागपूरला जाताना चिठ्ठीवर लिहून न्यावे. सीताबर्डीत ते जुन्या पुस्तकांत मिळाले तर उत्तमच. नाही मिळाले तर दुकानदाराला विषय सांगावा, पुस्तकाचे नाव नव्हे. विषय सांगितला की तो आतून भलतेच काहीतरी काढून आणतो आणि बहुधा तेच घेऊन आपण परत येतो.