उजेड लागलेला बटाटा

आत्याच्या उजव्या हाताला तीन पाट्या होत्या आणि डाव्या हाताला एक. उजवीकडच्या पाट्यांचं गणित दहा मिनिटांत कळलं: मोठा माल, मधला आणि बारीक. डावीकडची बराच वेळ रिकामीच होती. मग तिने ढिगातून एक बटाटा उचलला, अंगठ्याने माती पुसली, जरा तिरका करून पाहिला आणि काही न बोलता डावीकडे ठेवला. मला तो बाकीच्यांसारखाच दिसला.

"काय झालं त्याला?"

"उजेड लागलाय," ती म्हणाली आणि पुढचा उचलला.

मी तो परत हातात घेतला. एका बाजूला, रुपयाएवढ्या जागेत, पिवळट सालीवर किंचित हिरवी झाक होती. दाखवल्यावर दिसली. गेली एकोणीस वर्षं मी अकरावी-बारावीला रसायनशास्त्र शिकवते. बटाट्यातल्या विषावर वर्गात हमखास पाच मिनिटं बोलते, फळ्यावर रेणूची आकृती काढते, मुलं ती वहीत उतरवून घेतात. आणि ते विष ज्यात आहे तो बटाटा ढिगातून मला ओळखता येत नव्हता.

मार्चचा पहिला आठवडा होता. बोर्डाच्या दोन पेपरांच्या मध्ये दोन दिवस मोकळे मिळाले, म्हणून मंचरकडे, घोड नदीच्या काठच्या आत्याच्या गावी गेले होते. डिंभे धरणाच्या पाण्यावर इथे रब्बीचा बटाटा होतो. नोव्हेंबरात लावलेलं पीक काढणीला आलं होतं. दहा-बारा दिवस आधी पाणी तोडलेलं, पाला कापून टाकलेला. तसं केलं की जमिनीतल्या बटाट्याची साल पक्की होते. अंगठ्याने घासून ती सुटली नाही, तर काढायला हरकत नाही. सकाळी उन्हं वर यायच्या आत नांगराने वरंबे फोडले, मागोमाग सात बायका वेचत निघाल्या. वेचलेलं सगळं बांधावरच्या आंब्याखाली येत होतं आणि तिथे आत्या बसली होती.

वेचायला मीही बसले. पहिली पाटी भरली आणि ती ढिगावर ओतली, तशी आत्या कडाडली. "आगं, वतू नको! ठिव. त्याला पण मार लागतो."

मराठीत "लागणे" या क्रियापदाचा आवाका मोठा आहे. थंडी लागते, नजर लागते, मार लागतो. बटाट्याला उजेड लागतो. त्या दिवशी आत्याच्या तोंडून हे दोन्ही शब्द एका तासात ऐकले तेव्हा मी हातातली पाटी खाली ठेवली. पाठ्यपुस्तकात जे मी वाचलं होतं ते हेच होतं, फक्त तिथे ते इतकं नेमकं सांगितलेलं नव्हतं.

बटाट्यातल्या विषाचं मूळ सोलॅनिडिन. हा स्टेरॉइड जातीचा अल्कलॉइड आहे. म्हणजे त्याचा सांगाडा आपल्या रक्तातल्या कोलेस्टेरॉलच्याच घराण्यातला. बटाट्याचं झाड खरोखरच कोलेस्टेरॉलपासून सुरुवात करतं, त्यात नायट्रोजन गुंफतं आणि मग त्या सांगाड्याला तीन साखरांची शेपटी लावतं. शेपटी एका प्रकारची असेल तर सोलॅनिन, दुसऱ्या प्रकारची असेल तर चॅकोनिन. बटाट्यात हे दोघे जोडीनेच असतात. सोलॅनिन पहिल्यांदा वेगळं काढलं ते 1820 मध्ये, देफॉस नावाच्या फ्रेंच औषधनिर्मात्याने, आणि तेही बटाट्यातून नव्हे, कामोणीच्या फळांतून. कामोणी, वांगं, काटेरिंगणी, बटाटा हे सगळे एकाच कुळातले. कुळाचार सारखा, विषाची तऱ्हा थोडी थोडी वेगळी.

हे विष दोन बाजूंनी काम करतं. पेशीच्या आवरणातल्या कोलेस्टेरॉलला जाऊन चिकटतं आणि आवरण फाडतं. म्हणून आधी पोट बिघडतं, आतड्यांना पीळ पडतो, उलट्या होतात. आणि नसांचा निरोप संपल्यावर तो पुसून टाकणारं जे एन्झाइम असतं, त्याला अडवतं. शेतात फवारायची कितीतरी कीटकनाशकं नेमकी याच एन्झाइमवर चालतात. हे आत्याला सांगितलं तेव्हा ती हसली. "मंग झाडच औषध मारतंय म्हण की सोताला."

तसंच आहे. कीड, बुरशी आणि खाणारी तोंडं यांच्यापासून बचावासाठी झाडाने केलेली ही सोय. म्हणूनच ती जिथे जीव नाजूक तिथे जास्त. सोललेल्या गरात किलोमागे साधारण 12 ते 50 मिलिग्रॅम, सालीत 300 ते 600, आणि कोंबांत 2000 ते 4000. खाण्याच्या बटाट्यात किलोमागे 200 मिलिग्रॅमच्या वर हे जाऊ नये असं सर्वसाधारणपणे धरतात. माणसाला त्रास व्हायला वजनाच्या किलोमागे दोन ते पाच मिलिग्रॅम पुरतात. वीस किलोच्या मुलाचा हिशेब मांडा: 40 मिलिग्रॅम. म्हणजे मर्यादेवरच्या बटाट्याचे 200 ग्रॅम, दोन मध्यम बटाटे. हिरवा झालेला, कोंब फुटलेला असेल तर एकसुद्धा.

आता हिरव्याबद्दल. वर्गात मी मोठ्या दिमाखात सांगत आले की हिरवा रंग हे विष नव्हे, ते साधं हरितद्रव्य, मेथीत असतं तेच. हे खरं आहे. उजेड पडला की बटाट्याला वाटतं आपण जमिनीच्या वर आलो. तो हरितद्रव्य बनवू लागतो आणि वेगळ्या वाटेने विषही वाढवतो. दोन्ही कामं एका कारणाने सुरू होतात, पण एक दुसऱ्यावर अवलंबून नाही. लाल सालीच्या बटाट्यात हिरवेपणा सालीखाली दडून राहतो. आणि आपटलेल्या, कापलेल्या बटाट्यात तर अंधारातसुद्धा विष वाढतं, रंग काहीच न बदलता. ही बारकाई मुलांना सांगताना मला वाटायचं, लोक "हिरवा बटाटा विषारी" म्हणतात ते अर्धवट. पण आत्या हिरवा म्हणालीच नव्हती. ती म्हणाली, उजेड लागलाय. नाव लक्षणाचं नव्हे, कारणाचं. आणि नांगराचा फाळ लागून चिरलेले बटाटेही तिने वेगळेच काढले होते: "ह्ये आजच्या आज संपवायचं." शाळेत पाचवीपर्यंत गेलेल्या बाईची ही वर्गवारी माझ्या फळ्यावरच्यापेक्षा चोख आहे, असं माझं मत झालंय.

शेतातला हा सगळा खटाटोप एकाच गोष्टीसाठी चालतो: बटाट्याने सूर्य पाहू नये. लावल्यावर महिन्याभराने झाडांना मातीची भर देतात ती त्यासाठीच. भर कमी पडली की वाढणारा बटाटा वरंब्यातून डोकं काढतो. आत्याने डावीकडे टाकलेले बहुतेक असेच डोकं काढलेले होते. म्हणूनच हिरवी झाक एकाच बाजूला, बाकीचं अंग गोरं. "हा कडंच्या सरीतला," ती म्हणायची. "तिकडं भर नीट झाली न्हाई. पोरं घाई करत्यात."

दुपारी आरण लावायला घेतली. भाव येईपर्यंत महिना-दीड महिना बटाटा शेतातच राखायची ही इकडची रीत. जागा सावलीतली आणि जरा उंचावरची, पाणी साचणार नाही अशी. खाली कोरडी माती सारखी केलेली. त्यावर बटाट्यांचा कमरेइतका उंच, लांबट ढीग, आणि त्यावर उसाचं पाचट, हातभर जाड. मी पाचटाची एक मोळी पसरली आणि मला वाटलं झालं. आत्या ढिगाभोवती एक फेरी मारून आली, वाकून बघितलं आणि चार ठिकाणी बोट दाखवलं. पाचटातून उन्हाचे ठिपके आत पडत होते. "इथून बघतोय त्यो." कोण बघतोय, बटाटा की सूर्य, ते मी विचारलं नाही. परत पाचट आणलं, वर गोणपाट टाकलं, कडांना माती ओढली.

हे सगळं अंधार पडायच्या आत उरकायचं होतं. दिवसा वैरी उजेड, रात्री पाकोळी. संध्याकाळ झाली की ही बारीक करडी पाकोळी उघड्या बटाट्याच्या डोळ्यांवर अंडी घालते आणि अळी आत शिरून बोगदे करते. झाकण एकच, काम दोन्हींचं.

वेचणाऱ्या बायकांपैकी एकीने डावीकडची पाटी उचलून विचारलं, "ही कुठं टाकू?" मी पटकन म्हटलं, गोठ्यात. सगळ्याजणी माझ्याकडे बघायला लागल्या. "बाई, हिरवा बटाटा म्हशीला बी घालत न्हाईत." मी गप्प बसले.

गप्प बसायला आणखीही एक कारण होतं. एम.एस्सी.ला पुण्यात असताना आम्ही पाच मुली एका खाणावळीत जेवायचो. नाव सांगत नाही. जुलैतल्या एका रात्री बटाट्याचा रस्सा कडवट लागला, घसा चरचरला. भूक होती, तिखट जास्त झालंय म्हणून खाल्लं. पहाटे तीनला पाचहीजणी ओकत होतो. डोकं ठणकत होतं, पोटात मुरडा. डॉक्टरांनी अन्नातून विषबाधा एवढंच लिहिलं, मालक म्हणाला पाणी बदललं असेल. आठवड्याने हात धुवायला मागे गेले तेव्हा खिडकीखाली बटाट्याची उघडी गोणी दिसली. बोटभर कोंब आलेले आणि साल जागोजाग हिरवी. ते सोलॅनिनच होतं हे मी आज सिद्ध करू शकत नाही. पण तो कडवटपणा जिभेला आठवतो.

लंडनमधल्या एका शाळेतलं प्रकरण मात्र नीट नोंदलेलं आहे. 1969 च्या शरद ऋतूत दुपारच्या जेवणानंतर 78 मुलं आजारी पडली, त्यातली 17 रुग्णालयात दाखल झाली. उन्हाळी सत्रातली बटाट्याची एक गोणी सुट्टीभर उरली होती, तीच वापरली गेली. सगळी मुलं वाचली. या प्रकरणावरचा वैद्यकीय अहवाल छापून आला तो 1979 मध्ये. शाळेतल्या त्या प्रकरणाच्याच सुमारास अमेरिकेत लेनापे नावाचं नवं वाण बाजारात आलं होतं, 1967 साली. चिप्ससाठी उत्तम, तळल्यावर सुंदर सोनेरी. पण त्याच्यात मुळातच सोलॅनिन जास्त निघालं, उजेडाचा काही दोष नसताना, आणि 1970 मध्ये ते मागे घ्यावं लागलं. रानटी जातीशी संकर करताना चांगल्या गुणांबरोबर रानातलं विषही घरात आलं होतं.

बटाटा मुळात रानटीच, आणि कडूच. पेरू-बोलिव्हियाच्या डोंगरांतल्या लोकांनी त्याला माणसाळवला आणि जो माणसाळला नाही त्याचाही उपाय शोधला. तिथले कडू बटाटे रात्रीच्या गोठवणाऱ्या थंडीत पसरतात, दिवसा पायांनी तुडवून पाणी काढतात, वाळवतात. त्याचा चुन्यो होतो आणि तो वर्षानुवर्षं टिकतो. काही प्रकारांत ते वाहत्या पाण्यात बुडवूनही ठेवतात. कडवट बटाटा चिकणमातीच्या पातळ कालवणात बुडवून खायचीही तिथे पद्धत आहे. माती विषाला धरून ठेवते. आपल्याकडे बटाटा पोर्तुगिजांबरोबर आला, त्यांच्या "बटाटा" या शब्दासकट, आणि विनातक्रार उपासाला चालू लागला. पण त्याच्याबरोबर ते हजारो वर्षांचं शहाणपण मात्र जहाजात चढलं नाही. आपल्याकडे जे आहे ते आत्यासारख्यांनी हाताने पुन्हा कमावलेलं आहे.

आणि ते मंचरच्या पुढे टिकत नाही, ही माझी तक्रार. आरणीत अंधार, गोणीत अंधार, शीतगृहात अंधार. आणि मग चकचकीत दुकानात तोच बटाटा धुऊन, जाळीच्या पिशवीत, दिवसरात्र पांढऱ्याफेक दिव्यांखाली मांडून ठेवतात. बटाट्याला सूर्यच लागतो असं नाही, ट्यूबलाइटही चालते. घरी आणला की आपण तो तारेच्या टोपलीत, खिडकीजवळ ठेवतो, कारण टोपली छान दिसते. माझ्याही स्वयंपाकघरात तशी होती. आता बटाटे ओट्याखाली, जाड कापडी पिशवीत असतात. हिरवं दिसलं तर जाड साल काढते, कोंब आणि डोळे खोलवर कोरते, फार हिरवा असेल तर टाकून देते. उकडून हे विष जात नाही. सोलल्याने बरंचसं जातं. भाजी कडवट लागली, घसा चरचरला तर पुढचा घास घेऊ नका, मुलांना तर नाहीच.

डावीकडची पाटी त्या दिवशी कुठे गेली ते सांगायचं राहिलं. संध्याकाळी आत्याने ती स्वतः उचलली, चिरलेले बटाटे काढून घेतले आणि बाकीचे ओसरीवर, थेट ऊन न पडणाऱ्या पण उजेडाच्या जागी, एकेक सुटे मांडले. उजेडापासून दिवसभर राखलेला माल बाहेर आरणीत, आणि हे मुद्दाम उजेडात. मी विचारायच्या आत तीच म्हणाली, "ह्ये बेणं."

हिरव्या बटाट्याचे कोंब आखूड, जाड आणि दणकट येतात, आणि त्याच कडू विषामुळे कीड-कुज त्याला सहसा लागत नाही. लिमा इथल्या आंतरराष्ट्रीय बटाटा केंद्राने बेण्याच्या अशा उजेडातल्या साठवणीचा अनेक देशांत प्रसार केला. आत्या मोठ्या लागवडीला बेणं पंजाबचंच विकत आणते, घरचं वर्षागणिक रोगाने खालावतं हे तिला माहीत आहे. पण परड्यात घरच्यापुरत्या दोन सऱ्या ती याच पाटीतून लावते.

जूनच्या शेवटी तिचा फोन आला. पाऊस झाला होता, बेणं लावून झालं होतं. "समदा उगवलाय," ती म्हणाली. "यायची आसशील तर भर द्यायला ये."