पाठीमागचे हात

हिंगोलीहून औंढा नागनाथ सुमारें पंचवीस किलोमीटर. मोटारीनें हें अंतर पाहतां पाहतां तुटतें, आणि उतरल्यावर वाटेंत काय काय दिसलें असें कोणी विचारलें तर प्रवाशाला चटकन् कांहीं सांगतां येत नाहीं. देवळाच्या आवारांत मात्र मोटार बाहेर राहते, पायांनींच चालावें लागतें, आणि तेथून डोळ्यांचें काम सुरू होतें. देवळाचा वरचा भाग मागाहूनचा. परंतु खालच्या जुन्या दगडी भिंतीवर कोरीव मूर्तींच्या रांगा आहेत, आणि कोन घेत घेत वळणाऱ्या त्या भिंतीबरोबर पाहणाऱ्यालाही सावकाश वळावें लागतें. मागच्या अंगास गेल्यावर नंदी भेटतो. नंदी देवाच्या समोर असावयाचा, तो येथें पाठीमागें कां, हा प्रश्न मनांत आला म्हणजे नामदेवांच्या कीर्तनासाठीं देऊळच फिरलें ही आख्यायिका ऐकावयास मिळते. नामदेवांचें नरसी हें गांवही याच जिल्ह्यांतलें. जो घाईनें दर्शन घेऊन समोरच्यासमोर परततो, त्याला नंदीही दिसत नाहीं आणि कथाही कळत नाहीं.

पाहण्याला एक स्वतःची गति असते, आणि महत्त्वाच्या पुष्कळशा गोष्टी पाठीमागें असतात, हे दोन धडे औंढ्याची एक प्रदक्षिणा देते. शहर पाहण्यासही तेच दोन धडे लागू पडतात. त्याचें नमुनेदार उदाहरण व्हिएतनामच्या राजधानींत, हनोई शहरांत, सांपडतें. अलीकडे मराठी कुटुंबेंही त्या देशाच्या सहलीस जाऊं लागलीं आहेत. तेथें पोंचलेल्या प्रवाशाचा एक दिवस बहुधा ठरलेला असतो: दुपारीं पायांनीं चालविलेल्या रिक्षांतून जुन्या शहराचा फेरफटका, आणि संध्याकाळीं पाण्यावरील बाहुल्यांचा खेळ.

या रिक्षेला तेथें ‘सिक्लो’ म्हणतात. नांव फ्रेंचांच्या अमदानींतलें आहे. नागपुरासारख्या शहरांनीं दीर्घकाळ पाहिलेल्या सायकल-रिक्षेंत चालविणारा पुढें आणि बसणारा मागें असतो. प्रवाशाच्या डोळ्यांसमोर सारा वेळ घामानें भिजलेली एक पाठ असते. सिक्लोची रचना याच्या नेमकी उलट आहे. दोन चाकें पुढें, त्यांच्या मध्यें बसण्याची जागा, आणि एक चाक मागें. त्या मागच्या चाकावर उंच खोगिरावर चालक बसतो. बसणाऱ्याच्या पुढें मोकळा रस्ता असतो, दृष्टीला कशाचीच आड येत नाहीं. गाडी जणू आपोआप सरकते आहे असा भास होतो, आणि मागें कोणी श्वास घेत पायटे मारीत आहे याचा थोड्याच वेळांत विसर पडतो.

जुनें शहर पाहावयास ही चाल अगदीं योग्य. हनोईच्या जुन्या वस्तींतील पुष्कळशा रस्त्यांचीं नांवें ‘हांग’ या शब्दानें सुरू होतात. हांग म्हणजे विक्रीचा माल. हांग बाक ही चांदीची आळी, हांग थिएक ही कथिलाची आणि पत्र्याची, हांग मा ही पूजेंत जाळावयाच्या कागदी वस्तूंची. पुण्याच्या तांबट आळीची किंवा बुरूड आळीची ज्याला ओळख आहे, त्याला ही व्यवस्था समजावून सांगावी लागत नाहीं: एकेका धंद्याचे लोक एकेका रस्त्यावर राहिले आणि रस्त्यानें त्यांचें नांव घेतलें. आज अनेक ठिकाणीं नांव तेवढें उरलें आहे, माल बदलला आहे. तरी हांग थिएकवर पत्र्यावर पडणाऱ्या हातोडीचा आवाज अद्यापि कानीं येतो. मोटारींतून जाणाऱ्याला हा आवाज ऐकूंच येत नाहीं. सिक्लोंत बसलेल्याला तो दुकान येण्यापूर्वीं ऐकूं येतो आणि दुकान मागें पडल्यावरही कांहीं वेळ सोबत करतो.

जुन्या वस्तीच्या दक्षिणेस होआन किएम नांवाचें तळें आहे. या नांवाचा अर्थ ‘परत केलेली तरवार’. पंधराव्या शतकांत ले लोई या वीरानें मिंग चिन्यांना हांकून दिलें. त्याची तरवार दैवी होती. राज्य मिळाल्यावर तो या तळ्यांत नौकेनें फिरत असतां सोन्याचें कांसव वर आलें आणि त्यानें ती परत मागितली, अशी आख्यायिका आहे. तळ्याच्या कांठाजवळच १९६९ सालीं स्थापन झालेलें थांग लाँग जल-बाहुली नाट्यगृह आहे. सिक्लोंतून तळ्याला फेरी घालून आलेल्या प्रवाशाला तींच कांसव, तरवार आणि राजा थोड्या वेळानें रंगमंचावर भेटतात.

रंगमंच म्हणजे पाण्याचा हौद. पाणी मुद्दाम गढूळ, हिरवट ठेवलेलें. पाठीमागें देवळासारख्या छपराचा मंडप आणि त्याला बांबूच्या कामट्यांचा पडदा. बाजूस वादक बसतात. ढोल, झांजा, बांसरी, आणि एका तारेचें ‘दान बाऊ’ हें वाद्य, ज्याच्या तारेचा ताण एका लवचिक दांडीनें कमीअधिक करून स्वर वळवितात. प्रथम तेऊ नांवाचा एक गुबगुबीत, उघडाबंब, हंसरा बाहुला येऊन प्रेक्षकांचें स्वागत करतो आणि कोणाचीही थट्टा करण्याची मुभा घेतो. आपल्या जुन्या नाटकांतील सूत्रधार आणि विदूषक हे दोघे एकाच देहांत आले तर जसें होईल तसा हा तेऊ. मग तोंडांतून आग आणि पाणी उडविणारे नाग, भातलावणी, बेडूक पकडणें, बदकांवर झडप घालणारा कोल्हा आणि त्याच्या मागें धांवणारे शेतकरी असे लहान लहान प्रवेश एकामागून एक येतात.

बाहुल्या अंजिराच्या जातीच्या एका झाडाच्या हलक्या लांकडाच्या असतात, आणि पाणी मुरूं नये म्हणून त्यांवर लाखेसारख्या रोगणाचे थर चढविलेले असतात. बाहुलीच्या पायांखालीं पाण्यांत बुडालेला एक तरंगता लांकडी आधार असतो. त्यापासून लांब बांबूची काठी पाण्याखालून थेट पडद्यामागें जाते. काठीनें बाहुली पुढें-मागें सरकते, सुकाणूनें वळते, आणि काठीबरोबर गेलेल्या दोऱ्यांनीं तिचे हात व मान हालतात. यांत पाण्याचीं तीन कामें आहेत. तें बाहुलीचा भार उचलतें. गढूळ असल्यानें काठी आणि दोऱ्या झांकतें. आणि चालविणाऱ्याच्या हाताला बसलेला बारीकसा हिसका स्वतःंत जिरवून बाहुलीच्या चालीला एक संथपणा देतें. ज्या द्रवानें लांकूड कुजावयाचें, त्यालाच या लोकांनीं रंगभूमि केलें.

ही कल्पना कोणा एका नाटककाराची नव्हे. ती भाताच्या खाचरांतून वर आलेली आहे. लाल नदीच्या खोऱ्यांत पाणी दाराशीं येऊन उभें असतें. सुगी झाल्यावर गांवच्या तळ्यांत हा खेळ होई. हनोईजवळच्या थाय मंदिरापुढील तळ्यांत खेळासाठीं बांधलेला पाण्यांतला जुना मंडप अजून उभा आहे. ११२१ सालच्या एका शिलालेखांत राजापुढें पाण्यावर झालेल्या सोनेरी कांसवाच्या खेळाचें वर्णन आहे. म्हणजे ज्ञानेश्वरीच्या आधीं दीडशेंहून अधिक वर्षें ही कला राजदरबारीं पोंचली होती. प्रत्येक गांवच्या मंडळीची आपापली कारागिरी असे, आणि ती गुप्त ठेवण्याची रीत इतकी कडक होती कीं, मुलगी लग्न होऊन दुसऱ्या गांवीं जावयाची म्हणून पुष्कळ ठिकाणीं ती मुलींना शिकवीत नसत.

हें सर्व चालविणारीं माणसें मात्र कमरेइतक्या पाण्यांत उभीं असतात. पडद्याच्या कामट्यांतून त्यांना बाहेरचें दिसतें, बाहेरून तीं दिसत नाहींत. पूर्वीं हिंवाळ्याच्या रात्रीं गांवच्या तळ्यांत तासन्‌तास उभें राहावें लागे. जळवा लागत, सांधे धरत. आतां रबरी पोषाख आले आहेत, तरी पाण्याचा रेटा सोसून काठीच्या टोंकाला असलेलें ओझें तोलण्याचे कष्ट कमी झालेले नाहींत.

मराठी माणसाला हा सारा प्रकार वाटतो तितका परका नाहीं. ‘सायखडें’ हा बाहुलीचा जुना शब्द ज्ञानेश्वरींत आहे. दोरीवर नाचणारी बाहुली आणि तिला नाचविणारा अदृश्य कोणी, ही प्रतिमा मराठी अध्यात्मांत इतकी मुरली आहे कीं, ती एका खऱ्या खेळावरून घेतली आहे हेंच विसरलें गेलें. व्यवहारांत तर ‘कळसूत्री बाहुली’ ही एक निंदाच झाली आहे. ज्याला स्वतःची इच्छा नाहीं त्याला लोक कळसूत्री बाहुली म्हणतात. पण सूत्र धरणाऱ्याच्या बोटांत किती विद्या असावी लागते याचा विचार त्या शब्दाबरोबर कोणाच्या मनांत येत नाहीं. १८४३ सालीं सांगलीस ‘सीतास्वयंवर’ करून मराठी रंगभूमीचा पाया घालणाऱ्या विष्णुदास भावे यांनीं लांकडी बाहुल्याही घडविल्या होत्या. त्या जुन्या बाहुल्या रामदास पाध्ये यांनीं खटपट करून पुन्हां हालत्या केल्या.

सिंधुदुर्ग जिल्ह्यांत कुडाळजवळ पिंगुळी म्हणून गांव आहे. तेथील ठाकर समाजानें कळसूत्री बाहुल्या, चामड्याच्या छायाबाहुल्या आणि चित्रकथी हे तिन्ही प्रकार पिढ्यान्‌पिढ्या सांभाळले. चित्रकथींत एका आख्यानाचीं चित्रें एका गठ्ठ्यांत असतात. त्या गठ्ठ्याला ‘पोथी’ म्हणतात. एकेक चित्र समोर धरून रामायण-महाभारतांतली कथा गाऊन सांगावयाची. सावंतवाडी संस्थानाचा या कलावंतांना आश्रय होता. संस्थान गेलें, मग सिनेमा आला, मग घरोघर दूरदर्शन आलें; आणि देवळांतला प्रेक्षक पांगला. अशा वेळीं परशुराम गंगावणे यांनीं आपल्या गोठ्याच्या जागीं या कलांचें संग्रहालय उभें केलें. २०२१ सालीं त्यांना पद्मश्री जाहीर झाली. पिंगुळीचा कलावंत पाण्यांत उभा राहत नाहीं. तो वरून दोऱ्या धरतो. परंतु प्रेक्षकाला बाहुली दिसावी म्हणून आपण स्वतः दिसूं नये, ही त्याची आणि हनोईच्या कलावंताची शिस्त एकच आहे.

येथें एक अवघड प्रश्न उभा राहतो. प्रवाशाची स्वस्थता दुसऱ्याच्या शरीरावर उभी असते; ती उपभोगणें कितपत योग्य? महाराष्ट्रांत हा प्रश्न माथेरानला प्रत्यक्ष उभा राहिला. त्या डोंगरावर मोटारींना बंदी असल्यानें घोडे आणि माणसांनीं ओढावयाच्या हातरिक्षा हींच वाहनें होतीं. लाल मातीच्या चढणीवरून माणसानें माणसाला ओढून न्यावें हें दृश्य पाहून पाहुणे हळहळत, पण बसतही. ऑगस्ट २०२५ मध्यें सर्वोच्च न्यायालयानें ही प्रथा मानवी प्रतिष्ठेला बाधक ठरवून सहा महिन्यांच्या आंत बंद करण्यास सांगितलें. त्याबरोबरच, त्यांच्या जागीं येणाऱ्या विजेच्या रिक्षा त्याच ओढणाऱ्यांच्या हातीं जाव्यात आणि त्यांची उपजीविका बुडूं नये, असाही निर्देश दिला. निकालाचा हा दुसरा भाग पहिल्याइतकाच महत्त्वाचा आहे. नुसती कींव करून रिक्षेंत न बसणारा पाहुणा आपलें मन हलकें करतो, पण ओढणाऱ्याच्या घरची चूल त्यानें पेटत नाहीं.

यावरून एक भेद स्पष्ट होतो. जेथें माणूस केवळ ओझें वाहणारें बळ म्हणून राबतो, तेथें तें ओझें यंत्रानें उचलावें आणि माणसाला त्या यंत्राचा मालक करावें. जेथें हातच कलेचें मर्म आहे, तेथें यंत्र उपयोगाचें नाहीं. तेथें हाताला काम, दाम आणि शिष्य मिळाले पाहिजेत. बाहुल्यांचा खेळ या दुसऱ्या प्रकारांत निःसंशय मोडतो. सिक्लो दोहोंच्या मध्यें आहे. सपाट रस्ता आणि चाकाचें बळ यांमुळें तिचे कष्ट माथेरानच्या चढणीइतके क्रूर नाहींत, आणि कोठें थांबावें, कोणत्या आळींत काय पाहावें हें ठाऊक असलेला चालक हा बहुधा वाटाड्याही असतो. म्हणून तासाचा दर आधीं मोकळेपणानें ठरवावा, ठरल्यावर घासाघीस करूं नये, उन्हांत त्याला विसांवा द्यावा, आणि मधून मधून मागें वळून त्याच्याशीं दोन शब्द बोलावे. भाषा येत नसली तरी खुणांनीं चालतें.

थांग लाँग नाट्यगृहांतील खेळाच्या शेवटीं एक लहानशी गोष्ट घडते. नाग, कांसव, बदकें, शेतकरी सर्व पडद्यामागें जातात, वाद्यें थांबतात, आणि मग कामट्यांचा तो पडदा बाजूला सरतो. कमरेइतक्या पाण्यांतून खेळ चालविणारे स्त्री-पुरुष पुढें येतात, ओळीनें उभे राहतात आणि प्रेक्षकांना वांकून नमस्कार करतात. लहान मुलें आश्चर्यानें ओरडतात, कारण इतका वेळ तेथें कोणी माणूस होता हें त्यांच्या ध्यानींमनींही नसतें. नाट्यगृहाबाहेर सिक्लोवाला आपल्या गाडीशेजारीं वाट पाहत असतो. परतीच्या फेरीला निघतांना पुष्कळसे प्रवासी या वेळीं प्रथमच मागें वळून त्याच्या तोंडाकडे पाहतात.